आधी संरक्षण, मग समेट

बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या जयंतीनिमित्त निघणाऱ्या आपल्या स्मरणिकेत डॉक्टराने आरोग्यावर लिहावे, हा प्रघात आहे. मधुमेह, रक्तदाब, हृदयविकार या विषयांवर मी या पानांतून पूर्वी लिहिले आहे आणि वाचकांनी ते सहन केले आहे. या वर्षी मात्र वेगळ्या विषयावर लिहिण्याची परवानगी मी संपादक मंडळाकडे मागितली. तिला कारण घडले ते आपल्याच एका बैठकीतील संभाषण.

नोव्हेंबर २०२५ मध्ये नांदेड येथे एका दलित तरुणाची हत्या झाली. त्याच्यावर प्रेम करणाऱ्या मुलीने त्याच्या पार्थिवासमोर उभे राहून स्वतःच्या कपाळी कुंकू लावून घेतले, हे दृश्य आपण सर्वांनी पाहिले. मुलीचे वडील आणि भाऊ या प्रकरणी अटक झाले. खटला न्यायप्रविष्ट असल्याने त्याच्या गुणदोषांवर मी लिहीत नाही. परंतु त्या मुलीने पत्रकारांना जे सांगितले त्यातील एक गोष्ट माझ्या मनातून जात नाही. घरच्यांनी लग्न लावून देण्याचा विश्वास दिला होता आणि ऐन वेळी घात केला, असे तिचे म्हणणे होते.

या घटनेचा निषेध करण्यासाठी आपली बैठक भरली, ठराव झाला आणि चहाच्या वेळी एका ज्येष्ठ सभासदांनी विचारले, "डॉक्टर, ही मुले थेट कोर्टात का जातात? पोलीस संरक्षणाची याचिका म्हणजे दोन घराण्यांत कायमचे वैर. आता कोर्टांतच मध्यस्थीची केंद्रे आहेत. चार शहाणी माणसे बसवून हे प्रश्न मिटवता येणार नाहीत का?" विचारणाऱ्यांचा हेतू निर्मळ होता. उपस्थितांपैकी बहुतेकांनी मान डोलावली. मी त्या वेळी काही बोललो नाही. बोललो नाही, कारण हाच सल्ला मी स्वतः एकदा दिला होता आणि त्याचे काय झाले हे त्या खोलीत फक्त मला ठाऊक होते.

प्रथम ही याचिका म्हणजे काय ते पाहू. दोन सज्ञान व्यक्ती घरच्यांच्या इच्छेविरुद्ध विवाह करतात. मुलीचे वडील पोलीस ठाण्यात अपहरणाची फिर्याद देतात किंवा ती देण्याची धमकी देतात. भाऊ, मामा, चुलते शोधात निघतात. अशा वेळी दोघे संविधानाच्या २२६ व्या अनुच्छेदाखाली उच्च न्यायालयात अर्ज करतात. सोबत वयाचे दाखले, विवाहाचे प्रमाणपत्र, विवाहविधीची छायाचित्रे आणि आपल्या जिवाला कोणाकडून भय आहे याचे निवेदन असते. चंदिगड येथील पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयासमोर अशा याचिका इतक्या संख्येने येतात की तिथे हा जणू दैनंदिन कामकाजाचाच एक भाग झाला आहे. महाराष्ट्रात त्या तुलनेने कमी दाखल होतात. याचा अर्थ आपल्याकडे भय कमी आहे, असा काढण्याचे मला धाडस होत नाही.

या याचिकेत पहिला प्रतिवादी असतो राज्य शासन, दुसरा पोलीस अधीक्षक, तिसरा ठाणे अंमलदार. मुलीच्या नातेवाइकांची नावे त्यानंतर येतात. म्हणजे याचिकाकर्ते भांडत आहेत ते बापाशी नव्हे. ते राज्याला त्याच्या कर्तव्याची आठवण करून देत आहेत. "आम्हाला जगू द्या" ही मागणी राज्याकडे आहे. मग मध्यस्थी कोणाकोणात करायची? जमिनीच्या वाटणीत मध्यस्थी होऊ शकते, कारण तिथे दोन्ही बाजूंना थोडे सोडता येते. जगण्याच्या अधिकारात तडजोड करायची तर मुलाने आणि मुलीने नेमके किती सोडायचे?

कायदाही याबाबतीत अगदीच मुका नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचे ८९ वे कलम न्यायालयांना तडजोडीचे मार्ग सुचवते. ते कसे वापरावे हे सांगताना सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या अॅफकॉन्स खटल्यात कोणती प्रकरणे मध्यस्थीला योग्य नाहीत याचीही यादी दिली. फसवणूक आणि बळजबरी यांचे गंभीर व नेमके आरोप असलेली प्रकरणे त्या यादीत आहेत, फौजदारी गुन्ह्यांचे खटलेही आहेत. संरक्षणाची याचिका बळजबरीच्या भयातूनच जन्माला येते. ती मध्यस्थी केंद्राकडे पाठवताना हा विचार किती वेळा होतो, असा प्रश्न पडतो.

तथापि मध्यस्थीच्या पुरस्कर्त्यांवर अन्याय होऊ नये. त्यांची बाजू पोकळ नाही. न्यायालयाच्या आदेशाने मिळणारे संरक्षण बहुधा अल्पजीवी असते. एक शिपाई काही दिवस दाराशी बसतो, पुढे बंदोबस्ताचे काम निघाले की उठून जातो. हरियाणातील कैथल जिल्ह्याच्या मनोज आणि बबली यांची हकीकत सर्वज्ञात आहे. जून २००७ मध्ये न्यायालयात जबाब नोंदवून हे दांपत्य पोलिसांच्या सोबतीने निघाले. पोलिसांनी वाटेत त्यांची साथ सोडली. मुलीच्या नातेवाइकांनी त्यांना बसमधून ओढून नेले आणि नंतर कालव्यात त्यांची प्रेते सापडली. कर्नालच्या सत्र न्यायालयाने मार्च २०१० मध्ये पाच जणांना फाशीची शिक्षा सुनावली, पुढे उच्च न्यायालयाने त्यांपैकी चौघांची शिक्षा सौम्य केली. न्यायालयाचा कागद हातात असूनही दोन जीव गेले. मग घरच्यांचे मन वळवले तरच खरी सुरक्षितता मिळेल, हा युक्तिवाद सहज पटण्यासारखा आहे. नातवंड झाल्यावर रुसलेले आजी-आजोबा बारशाला येतात, असे प्रसंग आपण सर्वांनी पाहिले आहेत. सर्वोच्च न्यायालयानेही फेब्रुवारी २०२१ मध्ये, कर्नाटकातील लक्ष्मीबाई चंदरगी यांच्या प्रकरणात, बाबासाहेबांच्या 'जातिनिर्मूलना'चा आधार घेत आंतरजातीय विवाहाचे समर्थन केले आणि त्याच वेळी दोन्ही कुटुंबांत संबंध पुन्हा जुळावेत अशी अपेक्षाही व्यक्त केली.

समेट वाईट आहे, असे मी मुळीच म्हणत नाही. मी म्हणतो ते क्रमाविषयी. अपघातात सापडलेला रुग्ण आणला असता आम्ही आधी रक्तस्राव थांबवतो आणि मग हाड बसवतो. हाड बसवणे हे कमी महत्त्वाचे म्हणून ते नंतर येत नाही; रुग्ण जिवंत राहिला तरच त्याचा उपयोग, म्हणून ते नंतर येते.

आपण ज्या देशात राहतो तिथे हा क्रम कसा ठरला, हे आपल्यापैकी अनेकांना माहीत नसावे. ब्रिटनमध्ये जबरदस्तीच्या विवाहांविरुद्धचा दिवाणी संरक्षणाचा कायदा २००७ साली झाला आणि २००८ च्या नोव्हेंबरपासून अमलात आला. २०१४ च्या कायद्याने इंग्लंड व वेल्समध्ये असा विवाह लावणे हा स्वतंत्र गुन्हा ठरला. या कायद्यांसोबत शासनाने डॉक्टर, शिक्षक, पोलीस आणि समाजसेवक यांच्यासाठी मार्गदर्शिका काढली. आम्हा डॉक्टरांना तिच्यातील दोन गोष्टी विशेष बजावून सांगण्यात आल्या. पहिली ही की मदत मागणाऱ्या मुलीशी बोलण्याची संधी तुम्हाला कदाचित एकदाच मिळेल. ती वाया गेली तर मुलगी हातची जाईल. दुसरी ही की अशा प्रकरणात कुटुंबाशी मध्यस्थी करू नका, समेटाची बैठक बोलावू नका, समाजातील वडीलधाऱ्यांना मध्ये घेऊ नका, कारण त्यातून मुलीचा ठावठिकाणा आणि तिचा मनसुबा दोन्ही उघडे पडतात आणि धोका वाढतो.

पहिल्यांदा हे वाचले तेव्हा मला राग आला होता, हे प्रामाणिकपणे सांगतो. आशियाई कुटुंबांविषयी गोऱ्या अधिकाऱ्यांच्या मनात असलेला संशय मला त्यात दिसला. आपल्याकडे आई-वडील म्हणजे शत्रू नव्हेत, असे मी एका प्रशिक्षण वर्गात ठणकावून सांगितलेही. प्रशिक्षण देणाऱ्या बाईंनी शांतपणे ऐकून घेतले आणि दक्षिण लंडनमधील बनाज महमूद हिचे प्रकरण आमच्यापुढे ठेवले. इराकी कुर्द कुटुंबातील वीस वर्षांची ही मुलगी आपल्याला मारले जाणार आहे असे सांगत पोलिसांकडे वारंवार गेली होती. जानेवारी २००६ मध्ये तिचा खून झाला. वडील आणि चुलते दोषी ठरले. तिच्या बोलण्यावर विश्वास न ठेवणाऱ्या पोलिसांवर पुढे चौकशीत ठपका आला. मी वर्गातून निघालो तेव्हाही माझा राग पूर्ण गेला नव्हता. डॉक्टरी पेशाच्या माणसाला आपण सुशिक्षित आहोत म्हणजे आपले घराणे या सगळ्याच्या पलीकडे आहे, असे वाटत असते.

आता माझ्या घरची गोष्ट. ती लिहावी की नाही याचा मी बरेच दिवस विचार केला.

माझे थोरले बंधू मराठवाड्यातील आमच्या गावीच राहतात. त्यांचा मुलगा पदविका घेऊन पुण्याजवळच्या एका कारखान्यात कामाला लागला. महाविद्यालयात त्याच्यासोबत शिकलेल्या, तालुक्यातल्याच एका सत्ताधारी सवर्ण घराण्यातील मुलीशी त्याने २०२१ साली विहारात बौद्ध पद्धतीने विवाह केला. दोघेही सज्ञान होते. विशेष विवाह कायद्याने नोंदणी करायची तर तीस दिवसांची नोटीस फलकावर लागते, म्हणजे मुलीच्या भावांना पत्ता देण्यासारखेच. म्हणून त्यांनी ती वाट टाळली. हिंदू विवाह कायदा बौद्धांनाही लागू असल्याने कायद्याच्या दृष्टीने त्यात अडचण नव्हती. आठ दिवसांत मुलीच्या भावांनी आमच्या घरी येऊन माझ्या वहिनींना काय काय सुनावले ते इथे लिहिण्यासारखे नाही. मुलांनी संरक्षणासाठी याचिका केली. न्यायालयाने तात्पुरता बंदोबस्त दिला आणि पुढच्या तारखेला सुचवले की दोन्ही कुटुंबांनी मध्यस्थांपुढे बसून पाहावे.

त्या रात्री दादांचा फोन आला. "तू शिकलेला, जग पाहिलेला. काय करावं सांग." पुतण्या बाजूलाच होता. तो म्हणाला, "डॉक्टरकाका, ती नको म्हणते. ती म्हणते, मी आईसमोर बसले तर मला बोलता येणार नाही." मी काय उत्तर दिले ते मला शब्दशः आठवते. मी म्हणालो, "न्यायालयाने सुचवलेलं आहे, नाही म्हणू नका. तिथं वकील असतात, पोलीस असतात. बोलल्याने काही बिघडत नाही." सात समुद्रांपलीकडे गरम खोलीत बसून दिलेला हा सल्ला. प्रशिक्षण वर्गात मला दोनदा सांगितले गेलेले सर्व मी त्या दोन मिनिटांत विसरलो, कारण या वेळी प्रकरण परक्यांचे नव्हते, आमचे होते, आणि आमच्या माणसांत शहाणपणाने मार्ग निघेल असे मला मनापासून वाटत होते.

मध्यस्थीच्या खोलीत मुलीची आई, मावशी आणि दोन मामा आले. आमच्याकडून दादा आणि पुतण्या. आईने पदराखालून औषधांची पिशवी काढून टेबलावर ठेवली आणि सांगितले की तुझ्या बापाला छातीत कळ आली आहे, दवाखान्यात आहे, तोंडात तुझेच नाव आहे. कोणता दवाखाना, कोणते डॉक्टर, हे कोणी विचारले नाही. मी तिथे असतो तर पहिला प्रश्न तोच विचारला असता. (वडील त्या वेळी बाहेर गाडीत बसून होते, हे आम्हाला फार उशिरा कळले.) दोन तास हे चालले. मध्यस्थांनी कोणावर आवाज चढवला नाही, कोणाला धमकावले नाही. दादांच्या म्हणण्याप्रमाणे ते सज्जन गृहस्थ होते आणि त्यांनी सर्वांना पाणीही दिले. फक्त मुलीला एकदाही एकटीला बाजूला बसवून विचारले नाही की तुला काय हवे आहे. शेवटी ती म्हणाली, आठ दिवस वडिलांना पाहून येते. कागदावर लिहिले गेले की उभयपक्षी सामोपचाराने समेट झाला असून याचिकाकर्ती स्वेच्छेने माहेरी जात आहे. याचिका मागे घेतली गेली. याचिका नाही म्हणून बंदोबस्तही नाही.

आठ दिवसांचे तीन आठवडे झाले. फोन बंद. पुतण्याने हेबियस कॉर्पसचा अर्ज केला. मुलीला हजर करण्यात आले. ती खाली मान घालून म्हणाली की मी माझ्या मर्जीने आई-वडिलांकडे आहे. चार महिन्यांनी कळले की तिचे दुसऱ्या जिल्ह्यात लग्न लावून दिले आहे. पहिला विवाह अस्तित्वात असताना दुसरा लावणे बेकायदेशीर आहे, हे आम्हाला वकिलांनी सांगितले. पुतण्याने पुढे जाण्यास नकार दिला. पुन्हा तिलाच कोर्टात उभे करतील, असे तो म्हणाला.

शासकीय नोंदीत हे प्रकरण समेटाने मिटलेल्या प्रकरणांत मोजले गेले असणार. एखाद्या लोकअदालतीच्या अहवालात, एखाद्या समारंभातील भाषणात, तडजोडीने निकाली निघालेल्या प्रकरणांची जी संख्या टाळ्या घेते, तिच्यात आमचाही एक आकडा आहे. वैद्यकशास्त्रात असे होऊ नये म्हणून आम्ही रुग्ण घरी गेल्यानंतर तीस दिवसांनी तो कसा आहे ते पाहतो. संरक्षणाच्या याचिकेतील समेटानंतर त्या मुलीचे सहा महिन्यांनी काय झाले, हे पाहण्याची जबाबदारी त्या टेबलाभोवती बसलेल्यांपैकी कोणावरही नव्हती.

कोणी म्हणेल की एका कुटुंबाच्या दुःखावरून सिद्धान्त मांडू नये. मान्य. परंतु आपल्या देशातील गाजलेली प्रकरणे पाहिली असता एक गोष्ट पुनःपुन्हा दिसते, ती म्हणजे गोड बोलावणे. अहमदनगर जिल्ह्यातील सोनई येथे १ जानेवारी २०१३ रोजी तीन मेहतर तरुणांना शौचालयाची टाकी साफ करण्याच्या निमित्ताने बोलावून घेऊन मारण्यात आले. त्यांतील एकाचे सवर्ण मुलीवर प्रेम होते. नाशिकच्या सत्र न्यायालयाने जानेवारी २०१८ मध्ये सहा जणांना दोषी ठरवून मृत्युदंड सुनावला. तामिळनाडूतील धर्मपुरीची कथा वेगळ्या वळणाची आहे. इळवरसन या दलित तरुणाने वन्नियार समाजातील दिव्या हिच्याशी २०१२ साली विवाह केला. मुलीला परत आणण्याचे प्रयत्न फसल्यावर तिच्या वडिलांनी ७ नोव्हेंबरला आत्महत्या केली आणि त्याच दिवशी जमावाने तीन दलित वस्त्यांतील दोनशेहून अधिक घरे जाळली. प्रकरण मद्रास उच्च न्यायालयात गेले. २०१३ च्या जून महिन्यात मुलगी आईकडे परतली, जुलैच्या प्रारंभी तिने आपण आता आईसोबतच राहणार असे जाहीर केले आणि ४ जुलैला इळवरसनचा मृतदेह रेल्वेमार्गालगत आढळला. त्या मुलीला दोष देण्याचा अधिकार मला तरी नाही. तीन वस्त्यांची राख आणि बापाची चिता यांच्यामध्ये उभे करून विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर 'स्वेच्छेचे' मानायचे असेल, तर स्वेच्छा या शब्दाचा अर्थ आपल्याला पुन्हा शिकावा लागेल.

याच ठिकाणी जात हा विषय येतो. मध्यस्थीचे शास्त्र दोन्ही पक्ष समान आहेत असे गृहीत धरते. गावात ते समान नसतात. एका बाजूला शंभर एकर जमीन, सहकारी संस्थेतील पद, ठाण्यात ओळख. दुसऱ्या बाजूला गावकुसाबाहेरचे घर आणि रोजगारासाठी त्याच जमिनीवर जाणारी माणसे. या दोघांत 'समेट' होतो तेव्हा मुलाच्या कुटुंबाने गाव सोडायचे, अॅट्रॉसिटीची फिर्याद मागे घ्यायची आणि मुलीने माहेरी जायचे, असाच तो बहुधा होतो. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी खेड्यांच्या गौरवावर जो प्रहार केला, त्यामागे हीच जाण होती. खेड्याला, पंचांना, बिरादरीला त्यांनी राज्यघटनेचा घटक मानले नाही, व्यक्तीला मानले. आणि त्याच वर्षी ९ डिसेंबरला, मूलभूत अधिकारांसाठी थेट सर्वोच्च न्यायालयात जाण्याचा हक्क देणारा अनुच्छेद हा संविधानाचा आत्मा आहे, असे त्यांनी सांगितले. पंचायतीच्या दारातून उठून न्यायालयाच्या दारात जाता यावे, यासाठी हा माणूस झिजला. त्या दारातून आत आलेल्या मुलीला आपण मागच्या दाराने पुन्हा पंचायतीतच पाठवणार काय? खुर्च्या बदलल्या, टेबल आले, पाण्याचे प्याले आले, पण समोर मामाच बसलेला असेल तर ती पंचायतच.

सर्वोच्च न्यायालयाने या प्रश्नावर पुरेसे स्पष्ट सांगून ठेवले आहे. २००६ च्या लता सिंह प्रकरणात न्यायालयाने म्हटले की सज्ञान व्यक्तीने जातीबाहेर विवाह केला आणि तो आई-वडिलांना पसंत नसला तर त्यांनी फार तर संबंध तोडावेत; धमकी, मारहाण, छळ करता येणार नाही. २७ मार्च २०१८ च्या शक्ती वाहिनी निकालाने प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, चोवीस तास चालणारी मदतवाहिनी आणि जिल्ह्याच्या ठिकाणी सुरक्षित निवारा यांची तरतूद करण्यास राज्यांना सांगितले. त्या निवाऱ्यात नाममात्र शुल्कात प्रथम एक महिना आणि गरजेनुसार एक वर्षापर्यंत राहता यावे, कर्तव्यात कसूर करणाऱ्या अधिकाऱ्यांवर कारवाई व्हावी, असेही त्यात आहे. एक वर्ष! आमच्या मुलांना असे एक वर्ष मिळाले असते तर कदाचित समेटही झाला असता, खरा.

महाराष्ट्र शासनाने काय केले? डिसेंबर २०२२ मध्ये एक निर्णय काढून आंतरजातीय व आंतरधर्मीय विवाहांसाठी 'परिवार समन्वय समिती' नेमली. अशी लग्ने केलेल्या मुलींची आणि त्यांच्या माहेरची माहिती गोळा करावी, दोघांत संवाद घडवावा, असा तिचा हेतू सांगितला गेला. टीका झाल्यावर दोन-तीन दिवसांतच त्यातून 'आंतरजातीय' हा शब्द वगळला. आंतरधर्मीय तसाच राहिला. ज्या मुलीने समन्वय मागितलेलाच नाही तिचा शोध घेऊन समन्वय करणे, याला मी दुसरे नाव देईन. पुढे डिसेंबर २०२४ मध्ये शक्ती वाहिनी निकालाला अनुसरून विशेष कक्ष आणि सुरक्षागृहे यांविषयी राज्याच्या गृह विभागाने सूचना काढल्या, ही स्वागतार्ह गोष्ट. निकालानंतर जवळपास पावणेसात वर्षांनी का होईना. अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कार्यकर्त्यांनी सातारा जिल्ह्यात असा निवारा त्याआधीच लोकवर्गणीतून चालवून दाखवला आहे.

आतापर्यंत जे लिहिले त्यात दोषी सवर्ण आहेत आणि सोसणारे आपण आहोत. इथे थांबलो असतो तर वाचकांना हा लेख अधिक आवडला असता. पण गेल्या काही वर्षांत आपल्या मंडळातील किमान तीन घरांतून मला फोन आले आहेत, "डॉक्टर, आमच्या मुलीला जरा समजावा." एकीने मातंग मुलगा निवडला होता, एकीने पंजाबी रविदासिया, एकीने इंग्रज. तिन्ही वेळा आई-वडील उच्चशिक्षित, घरात बाबासाहेबांचे मोठे तैलचित्र. जातीची उत्पत्ती आणि तिचा कणा म्हणजे जातीअंतर्गत विवाह, हे बाबासाहेबांनी ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात मांडले. १९३६ च्या लाहोरसाठी लिहिलेल्या भाषणात आंतरजातीय विवाह हाच जातीवरचा खरा उपाय असे सांगितले. आणि १५ एप्रिल १९४८ रोजी डॉ. शारदा कबीर यांच्याशी विवाह करून स्वतःच्या घरात ते आचरून दाखवले. आपण मात्र वधूवर सूचक मेळाव्याच्या अर्जात 'पोटजात' हा रकाना ठेवतो आणि तो कोणी ठेवला हे कोणालाच आठवत नाही. आपल्या घरात कुऱ्हाड नाही, हे खरे. आईचे रडणे, बापाची छातीतली कळ आणि समजावणारे डॉक्टरकाका आहेत.

आता काय व्हावे याविषयी. संरक्षणाची याचिका आली की प्रथम संरक्षण. समेटाचा विषय न्यायालयाने स्वतःहून काढू नये. मुलीने स्वतः इच्छा दर्शवली तरच, आणि तिला एकटीला विचारूनच, मध्यस्थी व्हावी. तिच्याबरोबर तिची स्वतःची वकील असावी आणि मध्यस्थ त्या तालुक्याबाहेरचा असावा. दोन्ही पक्षांना एका खोलीत बसवण्याची गरज नाही. मध्यस्थाने या खोलीतून त्या खोलीत जावे. चर्चेचे विषयही मर्यादित असावेत. मुलीची शाळेची प्रमाणपत्रे आणि आधार कार्ड परत मिळणे, अपहरणाची खोटी फिर्याद मागे घेणे, मुलाच्या आई-वडिलांना गावात त्रास न देण्याची लेखी हमी, असे विषय मध्यस्थीने खरोखर उत्तम सुटतात आणि त्यांत मुलीला काही गमवावे लागत नाही. विवाह टिकवायचा की नाही, ती कुठे राहणार, हे विषय त्या टेबलावर येऊच नयेत. आणि समेट झाला तरी याचिका लगेच बंद न करता सहा महिने जिवंत ठेवावी, बंदोबस्त चालू राहावा आणि त्या मुदतीत मुलीने दोनदा तरी न्यायाधीशांना एकटीने भेटावे. यातील एकाही गोष्टीसाठी नवा कायदा लागत नाही.

आपल्या मंडळापुरते सांगायचे तर आपण दरवर्षी जयंतीच्या भोजनावर आणि सभागृहाच्या भाड्यावर जो खर्च करतो त्याचा काही अंश महाराष्ट्रातील सुरक्षित निवाऱ्यासाठी आणि याचिकाकर्त्यांच्या वकील फीसाठी राखून ठेवावा, आणि गावाकडून असा फोन आल्यास सभासदाने स्वतःच्या बुद्धीने सल्ला न देता तो त्या वकिलांकडे वळवावा, असा लेखी प्रस्ताव मी कार्यकारिणीकडे दिला आहे. वधूवर मेळाव्याच्या अर्जातील तो रकाना काढण्याची सूचनाही त्यातच आहे. दोन्हींवर वार्षिक सभेत चर्चा होईल. माझ्या पुतण्याने त्याच्या प्रकरणातील कागद, मध्यस्थीच्या निवेदनासह, सभासदांना वाचायला देण्याची परवानगी दिली आहे. तिचे नाव त्याने सर्व ठिकाणी स्वतःच्या हाताने खोडून पाठवले आहे.